अर्ध्या दिवसाची ज्येष्ठता

आमच्या खात्यात एकतीस मे आली की निम्म्या खुर्च्या रिकाम्या व्हायच्या. त्यात गूढ काही नाही. आमच्या भागात आमच्या पिढीची बहुतेक माणसं कागदोपत्री एक जूनला जन्मलेली आहेत. शाळा जूनमध्ये उघडायची. मास्तर विचारायचे, पोराचा जन्म कधीचा, आणि आई सांगायची की सुगी चालू होती किंवा पोळा तोंडावर आला होता. एवढ्यावर मास्तर एक जून लिहून मोकळे व्हायचे. साल त्यांना पोराच्या उंचीवरून सुचायचं. मग वयाची अठ्ठावन्न वर्षं भरली की ही सगळी माणसं एकाच संध्याकाळी हार घालून घरी जायची.

मी एक जूनचा. ज्याने माझी निम्मी नोकरी कोर्टाच्या तारखांत घालवली, तोही एक जूनचा आणि त्याच सालचा. नोकरीला लागलो तेही एकाच तारखेला, एकाच कार्यालयात, कनिष्ठ लिपिक म्हणून. मास्तरांनी आणि सरकारने मिळून आम्हाला इतकं सारखं करून ठेवलं होतं की भांडायला फक्त अर्धा दिवस शिल्लक राहिला होता. तो अर्धा दिवस आम्ही जन्मभर पुरवला.

रुजू व्हायच्या दिवशी मी घाटनांदूरहून पहाटेच्या गाडीने निघालो आणि कार्यालयाचं कुलूप निघण्याआधी दारात उभा होतो. हेडक्लार्क आले. त्यांनी नेमणुकीचा कागद हातात घेतला, नाव वाचलं आणि आडनावापाशी थांबले. आमच्याकडे आडनाव वाचायला माणूस किती वेळ घेतो, त्यावरून पुढचं सगळं कळतं. त्यांनी कागद परत दिला.

"साहेब न्हाईत. जेवून या."

सकाळचे साडेदहा वाजले होते. इतक्या सकाळी जेवण कसलं, हे विचारायची माझी छाती नव्हती. मी अंगणातल्या बाकावर जाऊन बसलो. थोड्या वेळाने एक जीप आली. सिरसाळ्याच्या बाजूच्या एका सोसायटीचे चेअरमन उतरले, मागून त्यांचा पुतण्या उतरला आणि पुतण्याच्या हातात पेढ्यांचा पुडा होता. हेडक्लार्क त्यांना घ्यायला पायरीपर्यंत आले. साहेब अजूनही नव्हतेच, पण त्याने कुणाचं काही अडलं नाही. पुतण्याचा रुजू अहवाल घेतला गेला आणि तारखेपुढे लिहिलं गेलं 'म.पू.', म्हणजे मध्यान्हपूर्व. मला जेवणानंतर आत बोलावलं. माझ्या तारखेपुढे पडलं 'म.नं.'. पेढा मात्र मलाही मिळाला, तो मी खाल्ला आणि चांगला होता.

तेव्हा वाटलं, काय फरक पडतो. पगार दोघांना पूर्ण दिवसाचाच निघाला.

पुढे आम्ही एकाच टेबलाच्या दोन बाजूंना बसायचो. तो वाईट नव्हता. वाईट असायलाही थोडे कष्ट घ्यावे लागतात आणि कष्टाचं त्याला वावडं होतं. घरी बागायत जमीन, चुलता चेअरमन, थोरला भाऊ चेअरमन व्हायच्या वाटेवर. नोकरी त्याला पगारासाठी नको होती, लग्नाच्या पत्रिकेत नावापुढे लिहायला हवी होती. "काय बे, आज टिपणी तू टाक ना," असं तो रोज म्हणायचा आणि मी टाकायचो. त्याच्या घरून आलेल्या डब्यातलं तो मला द्यायचा. माझ्या डब्यातलं त्याने कधी घेतलं नाही. पोट भरलंय म्हणायचा. इतकी वर्षं रोज पोट भरलेला माणूस मी दुसरा पाहिला नाही.

मग बढत्या आल्या. बढतीच्या यादीत आमच्या लोकांसाठी राखीव बिंदू, म्हणजे ठरावीक क्रमांकाच्या जागा, असायचे आणि त्यातला एक रिकामा होता. त्यावर मला त्याच्या आधी सहकार अधिकाऱ्याचं पद मिळालं. त्या दिवसापासून मी सरकारचा जावई झालो. हा शब्द माझ्यासमोर कुणी उच्चारत नसे, मी वळलो की उच्चारत. जावयाला बाकावर बसवून जेवून यायला सांगणारा सासरा माझ्या तरी पाहण्यात नाही, पण त्यांना तो दिसत असावा. काही वर्षांनी त्यालाही तेच पद मिळालं. आता आमच्या दोघांच्या वर एकच खुर्ची होती, तालुक्याच्या अधिकाऱ्याची.

त्या खुर्चीबद्दल सांगायलाच हवं, कारण बाकी सगळं तिच्याचपायी झालं. खुर्ची साधीच होती, एक हात थोडा हलायचा. पण तिच्या मागच्या भिंतीवर लाकडी फलक होता आणि त्यावर पांढऱ्या रंगाने तिथे बसून गेलेल्या अधिकाऱ्यांची नावं ओळीने रंगवलेली होती. अमुक तारखेपासून तमुक तारखेपर्यंत. निजामाचं राज्य गेल्यावरची सगळी नावं त्यावर होती आणि त्यात आमच्या वस्तीतलं, आमच्या लोकांतलं एकही नव्हतं. मला त्या फलकावर माझं नाव हवं होतं. पगारवाढ नको, गाडी नको. नाव हवं होतं, आणि ते मी कुणापासून लपवलंही नाही. बायको म्हणायची, "भिंतीवर नाव आसून काय व्हतं, ती बी एक दिस पडंल." ती शहाणी आहे, मी नव्हतो.

त्याने माझ्याविरुद्ध खंडपीठात याचिका केली. म्हणणं दोन प्रकारचं होतं. एक, मला पहिली बढती राखीव जागेवर मिळाली. खालच्या पदावर तो माझ्या पुढे होता, म्हणून वरच्या पदावर तो मागून आला तरी त्याला पुन्हा माझ्या पुढेच धरावं. दुसरं, खालच्या पदावर तो माझ्या पुढे होता याचा पुरावा काय, तर तो मध्यान्हपूर्व रुजू झाला आणि मी मध्यान्हनंतर. निवड यादीत आमचा क्रम काय होता हे कुणाला सांगता येईना. ती यादी जिल्ह्याच्या ठिकाणी वाळवीने खाल्ली असं समजलं. आमच्या खात्यातली वाळवी फार निवडून खाते. मग उरला नियम. रुजू होण्याची तारीख एकच असेल तर वयाने मोठा तो ज्येष्ठ. नियम करणाऱ्याने आमच्याकडचे मास्तर पाहिले नसावेत. वकिलाने दोघांचे शाळेचे दाखले लावून पाहिले आणि कपाळाला हात लावला.

आईला मी एकदा विचारलंही, माझा जन्म नक्की कधीचा. म्हणाली, "जोंधळा काढणीला आलता. तुला कावून पायजे आता?" जोंधळा काढणीला आल्याचा दाखला कोर्टात चालत नाही.

खंडपीठ औरंगाबादला. तारीख असली की आमच्याकडून पहाटे एकच जीप निघायची. तिच्यात याचिकाकर्ता, त्याच्या बाजूचे दोन-तीन लिपिक आणि प्रतिवादी, म्हणजे मी. एस.टी. वेळेत पोचवेल याचा भरवसा नव्हता आणि जीपचं भाडं माणशी वाटून घेतलं की सोसायचं. ज्याला हरवायला निघालो त्याच्याकडूनच भाड्याचा वाटा घ्यायचा, यात कुणाला काही वावगं वाटलं नाही. तो ड्रायव्हरशेजारी बसायचा, पुढची सीट ज्येष्ठाची म्हणून. मी मागे, गुडघे पोटाशी घेऊन, दाराच्या फटीतून येणारी धूळ खात. तेवढ्यापुरता निकाल रस्त्यावरच लागलेला असायचा.

तेलगावला चहा व्हायचा. तिथे गुणवत्तेवर बोलणं निघायचं. ज्याला साधं स्मरणपत्र लिहिता येत नव्हतं तो बशीत चहा ओतून गुणवत्तेवर बोलायचा. त्यातला एक जण मला समजावत म्हणाला, "तुमच्यावर आमचा राग न्हाई. तत्त्वाचा सवाल हाय."

"तत्त्व पुढच्या सीटवर बसलंय," मी म्हणालो, "त्याला इचारा मागं येतं का."

तो लिपिक हसला आणि माझ्या चहाचे पैसे त्याने दिले. अशा माणसांशी भांडण करणंही कठीण जातं. शहागडच्या पुलावरून खाली गोदावरी दिसायची, म्हणजे वाळू दिसायची. पूल ओलांडताना एकदोघं सवयीने हात जोडायचे.

कोर्टात आमचं प्रकरण चारच्या सुमाराला पुकारलं जायचं. सरकारी वकिलाकडे कधी फाईल नसायची, फाईल असली तर ते स्वतः नसायचे. याचिकाकर्त्याचा वकील 'मध्यान्हपूर्व' हा शब्द असा म्हणायचा की ऐकणाऱ्याला वाटावं, हा माणूस त्या सकाळी दुष्काळ निवारून आला होता. शेवटी हुकूम झाला, 'जैसे थे'. निकाल लागेपर्यंत खुर्चीवर कायम कुणालाच बसवायचं नाही. शेजारच्या तालुक्याचे साहेब आठवड्यातून एकदा येऊन सह्या करून जायचे. बाकीचे दिवस खुर्ची रिकामी आणि तिच्यामागे फलक. फलकावरच्या शेवटच्या नावापुढे 'पर्यंत'ची तारीख होती, त्याच्याखाली मोकळी पट्टी.

मग ते वर्ष आलं. त्याआधीची दोन वर्षंही पावसाने हात राखूनच काढली होती, पण त्या वर्षी विहिरीत दोर सोडला तर तो कोरडाच वर यायचा. टँकर आले, मागोमाग जनावरांच्या चारा छावण्या आल्या. छावण्या चालवायला सहकारी संस्था पुढे आल्या. सहकार म्हणजे काय ते मला खात्यात जन्म घालवून कळलं नव्हतं, त्या वर्षी कळलं. दूध नसलेली दूध संस्था, मजूर नसलेली मजूर संस्था, ज्या संस्थेच्या संचालकांनी एकमेकांचं तोंड पाहायचं सोडलं होतं ती संस्थाही चाऱ्यावर लगेच एकत्र आली. जनावरामागे सरकार अनुदान देत होतं. मुकी जनावरं तक्रार करीत नाहीत, आणि नसलेली जनावरं तर चाराही खात नाहीत.

छावण्यांत घोटाळे होतात हे वर कळलं तेव्हा जिल्ह्याहून आदेश आला. तालुक्यातल्या सर्वांत ज्येष्ठ सहकार अधिकाऱ्याने छावण्यांची अचानक तपासणी करावी आणि दुष्काळ संपेपर्यंत कार्यालयाचा प्रभारी पदभारही त्यानेच घ्यावा.

इतकी वर्षं ज्या शब्दासाठी जीपभर माणसं औरंगाबादला जात होती, तो शब्द सरकारने टेबलावर आणून ठेवला. कालपर्यंत यादीत एक घर वर सरकायला धडपडणारे सगळे एका दुपारीत कनिष्ठ झाले. एकाला पाठीचं दुखणं आठवलं, दुसऱ्याने रजेचा अर्ज टाकला. कारण सगळ्यांना ठाऊक होतं. प्रत्येक छावणीच्या मागे कुणीतरी होतं. खोटं लिहावं तर नोकरी जाणार आणि खरं लिहावं तर गावात राहणं मुश्कील. आणि सर्वांत मोठी छावणी धर्मापुरीच्या रस्त्याला एका माळावर होती. ती माझ्या याचिकाकर्त्याच्या थोरल्या भावाच्या संस्थेची होती.

तो माझ्या टेबलापाशी आला. स्वतः चहा सांगितला. इतक्या वर्षांत तो मला पहिल्यांदा 'दादा' म्हणाला.

"दादा, तसं पायलं तर शिनियर तुमीच. यादीत बी तुमी वर हाव."

"आणि कोर्टात?"

"कोर्टाचं कोर्टात. ह्ये दुष्काळापुरतं हाय."

हे तो गंभीरपणे म्हणाला, त्यात चेष्टा नव्हती. नुसतं म्हणाला नाही, लिहूनही दिलं. सद्यस्थितीत श्री. अमुक हे माझ्यापेक्षा ज्येष्ठ असून त्यांच्याकडे पदभार सोपवण्यास माझी हरकत नाही. आयुष्यात त्याने दुसऱ्याकडून लिहून न घेता काढलेला तो एकमेव मसुदा असावा. त्यात एकही चूक नव्हती.

मी पदभार घेतला. घ्यायला नको होता असं पुष्कळांनी सांगितलं. हे लोक तुला पुढे करतायत, एवढं मला दिसत नव्हतं असं नाही. पण खुर्ची खुर्ची असते. पहिल्या दिवशी मी तिच्यावर बसलो तेव्हा मला आनंद झाला, उगाच नाही कशाला म्हणू. दुपारी शिपायाला विचारलं, फलक रंगवणारा पेंटर कुठे बसतो.

शिपाई म्हातारा होता, निवृत्तीला टेकलेला. तो मान खाली घालून म्हणाला, "प्रभारी लोकांची नावं रंगवीत न्हाईत सायेब. कायम आसंल त्याचंच."

धर्मापुरीच्या रस्त्याची छावणी मी एका सकाळी, कुणाला न सांगता गाठली. फाटकाशी एक म्हातारी बाई गाय धरून उभी होती. गायीच्या बरगड्या लांबून दिसत होत्या. राखणदाराने तिला छावणी भरली म्हणून बाहेर ठेवलं होतं.

बाई मला म्हणाली, "कुठं भरली सायेब? आत तर कावळं बी न्हाईत."

आत लांबवर दावणी होत्या. खुंट्या नीट ओळीत ठोकलेल्या, वरती हिरव्या कापडाची सावली, आणि जनावरं सुरुवातीच्या दोन ओळींत. पुढे नुसत्या खुंट्या. मॅनेजर म्हणवणारा एक जण धावत आला.

"जनावरं पान्याला गेलीत सायेब."

"कुठं?"

"तिकडं, वढ्याला."

ओढ्यात पाणी असतं तर छावणी कशाला लागली असती? त्याच्या पाठीमागेच छावणीसाठी आलेला सरकारी टँकर उभा होता. पण मला ओढ्यापर्यंत जायचीही गरज नव्हती. मी खुंट्यांजवळ बसून जमीन पाहिली. जनावर जिथे बांधलेलं असतं तिथे शेण पडतं, मूत मुरतं, खुरांनी माती उकरलेली असते. तिथली माती सारवायच्या आधीच्या अंगणासारखी कोरी होती. यात माझी हुशारी नव्हती, गोठा पाहिलेल्या कुठल्याही पोराला ते कळलं असतं. मी जे पाहिलं ते लिहिलं. तिथल्या तिथे त्या बाईची गाय आत घेऊन पहिल्या रिकाम्या खुंटीला बांधायला लावली. तिच्यापुढे उसाचे वाढे टाकले, तेव्हा ती खाताना मान वरच करीना. त्या एका सकाळी मला वाटलं की माझी नोकरी काही कामाची होती.

अहवाल वर गेला. काही दिवसांनी खाली आला. त्यावर शेरा होता, तपासणी अधिकाऱ्याचा संस्थाचालकांच्या कुटुंबातील व्यक्तीशी सेवाविषयक वाद न्यायप्रविष्ट आहे, सबब अहवाल निःपक्ष मानता येत नाही. म्हणजे त्याने माझ्यावर केस केली म्हणून मी त्याच्या भावाविरुद्ध खरं लिहायला अपात्र. छावणीची फेरतपासणी झाली. तिची तारीख आधी कळवलेली होती, मंडप घातला होता, आणि त्या दिवशी प्रत्येक खुंटीला जनावर होतं. शेजारच्या तालुक्यातून टेम्पोने आणलेली. काहींच्या गळ्यात झेंडूचे हार होते. हार कुणी आणि कशाला घातले असतील, हे मला आजही कळलेलं नाही.

त्या बाईची गाय माझ्या अहवालाबरोबरच बाहेर गेली. ते ऐकलं त्या रात्री मी जेवलो नाही. रागाने माणसाचं पोट भरतं हे मला तेव्हा कळलं.

पुढच्या वर्षी पाऊस बरा झाला आणि सगळ्यांना आपापली ज्येष्ठता परत सापडली. माझा प्रभारी पदभार काढून घेतला गेला. पुन्हा 'जैसे थे', पुन्हा जीप, पुन्हा तेलगावचा चहा. तो पुन्हा पुढच्या सीटवर. माझ्या वकिलाने त्याने लिहून दिलेला कागद कोर्टात दाखल केला. मला वाटलं, आता संपलं. त्यावर त्याने शपथपत्र केलं की सदर निवेदन दुष्काळी परिस्थितीत, लोकहितार्थ आणि तात्पुरत्या स्वरूपात केलेलं होतं. शपथेवर लिहिलं होतं आणि खालची सही सुरेख होती. न्यायमूर्तींनी ते वाचलं, चष्मा काढला आणि पुढची तारीख दिली.

आमच्या लोकांबद्दलही सांगतो, नाहीतर एकतर्फी होईल. आमच्या संघटनेने माझा सत्कार केला, लढवय्या म्हणून. फोटो काढला, तो तालुक्याच्या पेपरात छापून आणला. वकिलाला द्यायच्या कागदांची झेरॉक्स काढायला मात्र कुणी फिरकलं नाही. अध्यक्षांनी खांद्यावर हात ठेवून सांगितलं की ही लढाई माझी एकट्याची नाही. मी आजूबाजूला पाहिलं. माझ्यासोबत अध्यक्षांचा ड्रायव्हर होता.

मधल्या काळात वरच्या कोर्टांचे निकाल येत राहिले, सरकारची परिपत्रकं निघत राहिली, एक दुसऱ्याला रद्द करणारं. आज बिंदू आहे, उद्या नाही, परवा वेगळ्या नावाने आहे. ते वाचून कार्यालयातले लोक पेढे वाटायचे, कधी या बाजूचे, कधी त्या बाजूचे. दोन्ही वेळा पेढा माझ्या टेबलावर यायचा. खुर्ची रिकामीच होती.

शेवटची तारीख एप्रिलअखेरीला पडली. त्या दिवशी प्रकरण पुकारलंच गेलं नाही. मे महिन्यात कोर्टाला सुट्टी. सुट्टीनंतर ठेवा म्हणाले. सुट्टीनंतर म्हणजे जूनमध्ये, आणि एक जूनला आम्ही दोघंही अठ्ठावन्न वर्षांचे, पेन्शनर. मी जीपमध्ये परत येताना त्याला म्हणालो, "निकाल लागला." तो पुढच्या सीटवर झोपला होता.

आता निरोप समारंभाचं घोडं अडलं. त्या एकतीस मेला आमच्या कार्यालयातून आम्ही दोघंच जाणार होतो. दोघांना एका मंचावर बसवलं तर पहिला हार कुणाला? पत्रिकेत आधी नाव कुणाचं? माझं आधी टाकलं तर मी ज्येष्ठ ठरतो, त्याचं टाकलं तर तो. प्रकरण न्यायप्रविष्ट. शेजारच्या तालुक्याचे साहेब तरुण होते, थेट परीक्षा देऊन आलेले. त्यांनी घाबरून जिल्ह्याला लेखी मार्गदर्शन मागितलं. जिल्ह्याने कळवलं की स्थानिक पातळीवर उचित निर्णय घ्यावा. मग कर्मचाऱ्यांनी बैठक घेतली आणि दोन कार्यक्रम करायचं ठरवलं. एक जेवणाआधी, एक जेवणानंतर. जेवण मधे, दोघांचं मिळून एकच.

मला कुणी विचारलं नाही. एकतीस मेला मी नेहमीप्रमाणे वेळेवर गेलो. नवा कपडा अंगात होता, बायकोने सांगितलं म्हणून. अंगणात मंडप होता, ध्वनिक्षेपक लागलेला, आचाऱ्यांनी चुलाणं पेटवलेली. शिपायाच्या जागी आता नवा मुलगा आला होता. त्याला जुनं काही ठाऊक नव्हतं. तो हसतमुखाने म्हणाला, "सायेब, तुमचं जेवणानंतर हाय. तवर बसा की भायेर."

अंगणातला बाक तिथेच होता, फक्त त्याची एक फळी बदलली होती. मी त्याच्याकडे पाहिलं आणि त्या मुलावर न रागावता आत गेलो.

आत कुणी नव्हतं. सगळे मंडपात होते. पंखा चालू होता. मी माझ्या टेबलाकडे न जाता सरळ त्या खुर्चीवर जाऊन बसलो. तिचा हात अजून हलतच होता. मागचा फलक मी वळून पाहिला नाही.

बाहेर भाषण सुरू झालं. त्याचे गुण सांगणं चाललं होतं. वक्ता म्हणाला की हे नेहमी वेळेच्या आधी हजर असत.

दारात एक बाई उभी राहिली. डोक्यावर पदर, हातात प्लॅस्टिकच्या पिशवीत घडी केलेला अर्ज. तिच्या गावातल्या बायांना शेळ्यांची संस्था नोंदवायची होती. लांबून आली होती, चपला दाराबाहेर काढून.

"भायेर म्हणलेत जेवण झाल्यावर या," ती म्हणाली. "पर माजी गाडी दोनला हाय."

"आत या. बसा," मी म्हणालो. "जेवणाआधीच घेतो."

ती खुर्चीवर बसायला तयार होईना. मी पुन्हा सांगितलं तेव्हा कडेला टेकली. मी अर्ज पूर्ण वाचला. दोन ठिकाणी अंगठ्यांखाली नावं राहिली होती, ती तिला विचारून लिहिली. आवकचा शिक्का मारला. पोच तिच्या हातात दिली. तिच्यावर माझी सही, खाली माझं पद, आणि तारीख. एकतीस मे.

तारखेपुढे मी सावकाश, मोठ्या अक्षरात लिहिलं, मध्यान्हपूर्व.